गोमुखीतली मूठ

सुहास सुर्वे जपाला लागला, ही बातमी कुंभवण्यात पसरली तेव्हा लोक आधी हसले. म्हणे हातात गोमुखी घालून देवळात पुढच्या रांगेत बसतो, डोळे मिटतो, आणि कीर्तन संपेपर्यंत अवाक्षर काढत नाही. ग्रामसभेत सरपंचावर खुर्ची उगारणारा, ज्याचा आवाज चढला की पलीकडच्या वाडीतली कुत्री भुंकायला लागत, तो सुहास!

"पिशवीत माळ आहे की विंचू, ते बघा आधी कोणीतरी," त्याचा चुलतभाऊ महेंद्र पारावर म्हणाला, आणि हशा पिकला.

वृषालीताई पेंढारकर मात्र हसल्या नाहीत. त्या गावच्या कीर्तनकार. नवऱ्यामागे एकट्या राहायच्या, आणि चैत्रातल्या रामाच्या नवरात्रात त्यांचं कीर्तन नाही असं वर्ष कुणाला आठवत नव्हतं. गोमुखी म्हणजे जपमाळ झाकायची कापडी पिशवी. आत हात घालून मणी ओढायचे, आपली साधना लोकांना दिसू द्यायची नाही. सुहासच्या हातात ती पाहिली तेव्हा ताईंना पूर्वरंगातच भरून आलं. एक माणूस जरी आपल्या शब्दानं निवला, तरी नारदाच्या गादीवर उभं राहिल्याचं सार्थक झालं, असं त्यांना मनापासून वाटायचं.

सुर्व्यांची दोन घरं, वरचं आणि खालचं. वरच्यात सुहास, खालच्यात महेंद्र. त्यांचं वैर जमिनीवरून नव्हतं, पाळण्याच्या दोरीवरून होतं. रामनवमीला भर दुपारी, रामजन्माच्या क्षणी, पाळण्याची रेशमी दोरी पहिल्यांदा कोणी ओढायची हा मान पिढ्यान् पिढ्या वरच्या घराचा. सुहास लहान असताना तो मान खालच्या घराकडे गेला. का गेला, हे गावाला माहीत होतं, पण कोणी बोलत नसे. सुहासनं कोर्टकज्जे केले, हरला, आणि दर रामनवमीला देवळात काहीतरी फोडून आला. कधी समई, कधी कोणाचं तोंड.

बंदूक त्याच्याकडे आली ती डुकरांमुळे. कोकणात शेतीसंरक्षणाच्या साध्या बंदुका पूर्वीपासून होत्या. पण गेल्या काही वर्षांत रानडुकरं कळपाकळपानं उतरायला लागली, गवे अंगणापर्यंत येऊ लागले. राखणीच्या ड्रोनची त्यांना इतकी सवय झाली, की त्यांच्या सावलीत डुकरं निवांत लोळत. शेवटी सरकारनं कायदा बदलला. जी आपोआप भरणारी रायफल आजवर फक्त लष्कर-पोलिसांकडे असे, ती 'विशेष प्रतिबंधित शस्त्र' म्हणून बागायतदारालाही मिळू लागली. त्याला दोन अटी. एक, शस्त्राला शांतकुलूप हवं. दोन, घराबाहेरच्या एका प्रतिष्ठित माणसानं मालकाचा स्वभाव-जामीन द्यायला हवा.

हे शांतकुलूप दस्त्यातच बसवलेलं असे. शांत माणसाचं हृदय घड्याळासारखं एकसारखं चालत नाही. श्वास आत घेताना ते किंचित घाई करतं, सोडताना रेंगाळतं. ठोक्यांची एक मंद लाट तयार होते. राग चढला की लाट सपाट होते आणि ठोके घणासारखे एकामागून एक पडायला लागतात. तळव्याला घाम सुटतो, त्यामुळे कातडीतून वीज अधिक सहज वाहते. बोटांत डोळ्यांना न दिसणारी थरथर येते. कुलूप तळहातावरून या तिन्ही गोष्टी वाचायचं. माणूस शांत असेल आणि शांत राहील, तेवढाच वेळ चाप मोकळा. पारा चढला की बंदूक म्हणजे नुसती काठी.

लोकांनी त्याची टिंगलही केली. डुक्कर अंगावर आलं तर कुलूप म्हणणार, आधी जरा शांत व्हा! पण राखणीच्या माळ्यावर बसून नेम धरणाऱ्याला अडचण येत नव्हती, आणि दारूच्या नशेतले, बांधावरच्या भांडणातले गोळीबार खरोखरच थांबले. कायदा करणाऱ्यांचा हिशेब सरळ होता. माणूस माणसाला मारतो ते रागात.

सुहासची पहिली चाचणी कचेरीतच फसली. मूठ हातात घेतली की दिवा लाल. "महेंद्रनं आक्षेप घेतलाय" एवढं कारकून म्हणाला, तर दिवा लालचा आणखी लाल झाला असेल. त्याला सरावासाठी एक मूठ देऊन परत पाठवलं. नळी नाही, चाप नाही, नुसता दस्ता आणि त्यावर मुगाएवढा दिवा. शांत झालात की हिरवा, नाहीतर लाल.

त्यानंतर महिन्याभरात तो कीर्तनाला येऊ लागला. पुढे वर्षभर त्यानं एकही कीर्तन चुकवलं नाही, आणि मग एक दिवस जामीन मागायला ताईंच्या पडवीत येऊन बसला.

"ताई, तुमच्याशिवाय माझ्या स्वभावाची हमी कोण देणार? बायको होती, ती माहेरी गेली."

"अरे, पण खरंच बदललास का तू?"

"तुम्ही बघताय ना."

त्या बघत होत्या. वर्षभरात त्याचा आवाज चढलेला कोणी ऐकला नव्हता.

सुनावणीला महेंद्र आला होता. अधिकाऱ्यासमोर हात जोडून म्हणाला, "साहेब, हा माणूस देवळात नारळ फोडतो ना, तोसुद्धा माझ्याकडे बघून फोडतो."

"तुझ्या डोक्यापेक्षा नारळात पाणी बरं निघतं म्हणून," सुहास म्हणाला. म्हणाला तेही हसून. अधिकारीही हसला. सुहासच्या हातातल्या मुठीवरचा दिवा हिरवाच होता.

ताईंनी सही केली. पायऱ्या उतरताना महेंद्रनं त्यांना गाठलं. "सही केलीत, छान केलंत. उद्या मला काही झालं तर उत्तररंगात माझंच आख्यान लावा. हुंदके नीट द्या म्हणजे झालं."

"महेंद्र, माणूस सुधारतो रे."

"माणूस सुधारतो. सुर्वे नाही."

यंदाचं रामाचं नवरात्र लागलं. सकाळचं कीर्तन आटोपून लोक प्रसादाला गेले. सुहास पाय धुवायला विहिरीवर गेला होता, आणि त्याची गोमुखी जमिनीवर पडलेली ताईंना दिसली. जपाची पिशवी अशी भुईवर बरी नव्हे, म्हणून त्यांनी ती खुंटीला लावायला उचलली.

पिशवी जड लागली. आत मणी नव्हते. त्यांनी हात घातला तर गार, खरबरीत असं काहीतरी तळव्यात बसलं. बाहेर काढलं. मुगाएवढा दिवा लागला. लाल.

"ठेवा ताई खाली," मागून सुहास म्हणाला. "तुमच्या हातात ती लालच राहणार. दचकलात ना."

"ही जपाच्या पिशवीत कशाला?"

"हात झाकलेला बरा असतो. साधना दाखवू नये, हे तुम्हीच सांगता." त्यानं मूठ घेतली. बघता बघता दिवा हिरवा झाला. "हे बघा. आता तुमच्या कीर्तनाचीसुद्धा गरज लागत नाही. नुसतं आठवलं तरी पुरतं. तुम्ही नामाचा गजर लांबवता ना, एका दमात पूर्ण ओळ, तेव्हा ऐकणाऱ्याचा श्वास आपोआप तुमच्या श्वासामागे जातो. मिनिटाला सहापर्यंत उतरतो. कुलपाला नेमका तेवढाच आवडतो. कंपनीच्या माहितीपत्रकात सगळं लिहिलंय. त्यांनी सतारीची ध्वनिफीत दिली होती. तुमची सर तिला नाही."

ताई गादीच्या कडेला बसल्या. "म्हणजे वर्षभर तू कीर्तन ऐकतच नव्हतास."

"ऐकलं की. शब्द न् शब्द. तुमची शपथ, राग अगदी गेला." तो समोर मांडी घालून बसला, रोज बसायचा तसाच. "आधी महेंद्र दिसला की डोक्यात जाळ व्हायचा. शिव्या द्यायच्या, काहीतरी फोडायचं, लोकांनी धरायचं, घरी जाऊन रडायचं. आता तसं होत नाही. स्वच्छ दिसतं सगळं. तो दोरी धरतो तेव्हा त्याची मान किती वाकते, हेसुद्धा दिसतं."

"सुहास!"

"रामनवमीला तो दोरी धरेल ताई. धरू दे. ओढणं व्हायचं नाही." तो उठला, वाकून त्यांना नमस्कार केला. "तुम्ही घाबरू नका. तुमच्यावर कोणी ठपका ठेवणार नाही. माझा कुलपाचा अहवाल तालुक्यात सगळ्यांत चांगला आहे."

तो खरं बोलला होता. फौजदार नाझनीन मुकादम यांनी पडद्यावर त्याची नोंद काढली, आणि ताईंकडे कीव आल्यासारखं पाहिलं.

"हा तर माझ्यापेक्षा शांत आहे हो. तुम्हीच जामीन आहात ना?"

"आहे. माझा जामीन मी काढून घेते."

"घ्या. अर्ज द्या, त्याला नोटीस जाईल, मग सुनावणी. रामनवमी तोवर होऊन जाईल." त्यांनी आवाज खाली आणला. "तो ओरडला का? शस्त्र रोखलं का? दारू प्याला होता का? यातलं एक जरी असतं तरी मी आत्ता बंदूक उचलून आणली असती. तुम्ही म्हणताय, पाया पडून, हसून बोलला. नियमात रागाचं कलम आहे ताई. द्वेषाचं नाही. तरी मी उत्सवाला एक हवालदार पाठवते."

ताई महेंद्रकडे गेल्या तर त्यानं दारातच उभं ठेवलं. "आधी त्याला बंदूक मिळवून दिलीत. आता मला घरी बसवायला आलात? बरोबर आहे, त्याला हेच हवंय. मी नाही आलो, की दोरी मोकळी."

"दोरीपेक्षा जीव मोठा आहे रे."

"तो तुमच्यासाठी. कीर्तनात सोपं असतं सगळं. मी येणार, पीतांबर नेसून येणार, आणि त्याच्या डोळ्यांसमोर ओढणार. पुन्हा माझ्या दारात येऊ नका."

रामनवमी उजाडली. देऊळ फुलून गेलं. गाभाऱ्यासमोर पाळणा टांगलेला, मोगऱ्यानं मढवलेला. मांडवाच्या खांबांवरच्या कर्ण्यांतून ताईंचा आवाज डोंगरापर्यंत जात होता. पेटीवर मराठेमास्तर होते, आणि हवालदार मागे पन्ह्याचा तिसरा पेला संपवत होता.

ताईंनी उत्तररंग लावला आणि पुढच्या रांगेकडे पाहिलं. सुहासची जागा रिकामी होती. त्या जागी त्याची गोमुखी होती, चपटी, पोट खपाटीला गेलेल्या माणसासारखी.

त्यांची नजर मांडवाबाहेर गेली. देवळाच्या मागच्या उतारावर वरच्या सुर्व्यांची काजूची बाग. बागेत डुकरांवर नजर ठेवायला बांधलेला उंच माळा. स्वतःच्या बागेत, स्वतःच्या माळ्यावर, परवान्याचं शस्त्र घेऊन बसायला कायद्याची पूर्ण मुभा. माळ्यावर कोणीतरी आडवं झालं होतं. काजूच्या पानांत मध्येच काहीतरी चकाकलं.

नामाचा गजर चालू होता. शेकडो माणसं त्यांच्यामागून म्हणत होती. ताईंनी श्वास घेतला, ओळ लांबवली, आणि अर्ध्यातच त्यांच्या लक्षात आलं. या ओळीवर वरती माळ्यावरही एक छाती सावकाश फुगत होती, सावकाश रिती होत होती. ठोक्यांची लाट उठत होती. दिवा हिरवा होता. तो त्यांनीच लावला होता.

थांबावं? तो आता नुसत्या आठवणीवरही शांत राहत होता. महेंद्रला ओरडून सांगावं? त्यानं मान ताठ करून छाती पुढे काढली असती. लोकांना पळा म्हणावं? लहान मुलं, म्हाताऱ्या, एकच दार. आणि त्या सगळ्या गोंधळात वरचा एकटाच माणूस शांत.

महेंद्र पीतांबर सावरत पुढे आला. पुजाऱ्यानं दोरीचं टोक त्याच्या दिशेनं केलं. जन्माची वेळ भरत आली.

ताईंनी टाळ खाली टाकले. "मास्तर, पेटी थांबवा."

पेटी थांबली. गजर विस्कटला. ताईंनी मनातल्या मनात रामाची क्षमा मागितली. नारदाच्या गादीवरून कोणाला दुखवायचं नसतं, समोरचा प्रत्येक जण देवच समजायचा असतो. हे त्यांना गुरूंनी पहिल्या दिवशी सांगितलं होतं, आणि त्यांनी ते आजवर मोडलं नव्हतं.

"सुहास सुर्वे!" कर्ण्यांतून आवाज गरजला. "माळ्यावर आडवा झालायस तो, तूच! ऐकू येतंय ना? गावाला आज खरी गोष्ट सांगते. ही दोरी तुमच्या घरातून का गेली?"

मांडव गप्प झाला. मराठेमास्तर पुटपुटले, "ताई, नको, नको हो."

"तुझा बाप झिंगून आला होता! भर रामजन्माला! दोरी ओढली ती अशी, की पाळणा उलटला. रामाची मूर्ती फरशीवर आपटली, आणि तुझा बाप तिच्यावर पडला. त्याला चौघांनी ओढत बाहेर नेला, धोतर सुटलेलं होतं. आणि तू? तू या खांबामागे लपून चड्डीत मुतलास! आम्ही सगळ्यांनी पाहिलं. इतकी वर्षं दया येऊन गप्प बसलो. मान हिरावला म्हणतोस? हिरावला नाही रे. तुमच्या घराला तो पेलवला नाही! तेव्हा खांबामागे लपलास, आज झाडामागे लपलास. ये ना खाली! ये, धर दोरी! बघू तरी, बापापेक्षा किती वेळ उभा राहतोस!"

आणि त्या शांततेत महेंद्र हसला. दोरी हातात धरून, मान वर करून, मोठ्यानं हसला.

उतारावरून एक किंकाळी आली. माणसाची आहे असं आधी वाटेना. मग शिव्या ओळखू आल्या. ताईंना, महेंद्रला, मेलेल्या बापाला, गावाला. पलीकडच्या वाडीतली कुत्री भुंकायला लागली. काजूची पानं सळसळली, आणि त्यातून एक रायफल भिरभिरत येऊन देवळाच्या कुंपणाशी आदळली. हवालदारानं पेला टाकला आणि धावला.

पुजाऱ्याला कोणीतरी ढोसलं. त्यानं शंख फुंकला. महेंद्रनं दोरी ओढली. राम जन्मला, पण ताईंनी पाळणा म्हटला नाही.

मुकादमबाईंनी कुलपाची नोंद न्यायालयात वाचून दाखवली. कुलूप बराच वेळ उघडं होतं. नळी मांडवावर स्थिर होती. मग कुलूप बंद झालं, आणि बंद झाल्यावर चाप सात वेळा दाबला गेला.

ताईंचे आभार कोणी मानले नाहीत. देवस्थान समितीनं ठराव केला, की ज्यांनी गादीचा मान राखला नाही त्यांना पुन्हा गादीवर उभं राहता येणार नाही. महेंद्रनं सगळ्या घराण्याच्या वतीनं, आपल्या दिवंगत काकांची भर उत्सवात बदनामी केल्याबद्दल, वकिलाची नोटीस पाठवली. सरकारनं नियमात एक ओळ वाढवली, की शांतकुलूप असलेलं शस्त्र उत्सवाच्या दिवसांत पोलीस ठाण्यात जमा करावं. रागाचं कलम होतं तसंच राहिलं.

दिवाळीनंतर सुहास जामिनावर सुटून गावात आला. आला तो थेट ताईंच्या फाटकाशी, भर दुपारी. फाटकाचे गज धरून त्यानं सुरुवात केली.

"ए म्हातारे! बाहेर ये! नारदाच्या गादीवरची चेटकीण तू! माझा बाप काढलास! बायको परत यायला निघाली होती माझी, तिनं ते ऐकलं, आता फोन उचलत नाही. तुझ्या जिभेला किडे पडतील. तुझा राम तुला पाणी देणार नाही!"

शेजारच्या खिडक्या उघडल्या, मिटल्या. ताई पडवीतून अंगणात आल्या. त्याचा चेहरा लालबुंद होता, मानेच्या शिरा ताठ. गज धरलेली बोटं थरथरत होती. फाटकाची कडी वाजत होती त्या थरथरीनं.

ताईंनी त्या बोटांकडे बराच वेळ पाहिलं. मग आत जाऊन गोमुखी घेऊन आल्या. देवळात पडून राहिलेली ती त्यांनी धुऊन ठेवली होती, आत तुळशीची माळ घातली होती. त्यांनी ती गजांतून पुढे केली.

त्यानं ती हिसकावून रस्त्यावर भिरकावली. "थुंकतो मी तुझ्या माळेवर! जन्मात शांत होणार नाही मी आता, ऐकलंस? जन्मात नाही!"

"नको होऊस," ताई म्हणाल्या. त्यांचे डोळे भरले होते. त्यांनी फाटक उघडलं, रस्त्यावर जाऊन गोमुखी उचलली, पदरानं धूळ पुसली. "आज दमलास. घरी जा, काहीतरी खा. उद्या परत ये."

"कशाला?"

"शिव्या द्यायला. मी आहे घरी. रोज ये."